डबा, झेंडा आणि केकची चौदा ताटं: सामान्य डॅनिश माणसांच्या वाटेने सात दिवस

२०१६ साली डेन्मार्कच्या संस्कृती मंत्रालयाने लोकांना विचारलं, की डॅनिश समाजातल्या कोणत्या गोष्टी पुढच्या पिढीकडे न्याव्यात असं तुम्हाला वाटतं? लोकांनी सूचना पाठवल्या, त्यावर मतदान झालं आणि डिसेंबरात दहा गोष्टींची यादी जाहीर झाली: कल्याणकारी समाज, स्वातंत्र्य, एकमेकांवरचा विश्वास, कायद्यापुढची समानता, स्त्री-पुरुष समानता, डॅनिश भाषा, संस्था-मंडळं आणि स्वयंसेवा, मनाचा मोकळेपणा, ह्युग्ग (आपल्या माणसांसोबतचा निवांत, उबदार वेळ) आणि ख्रिस्ती वारसा. यादीत एकही राजवाडा नाही, पुतळा नाही की लढाई नाही. त्यामुळे डॅनिश माणूस स्वतःबद्दल काय समजतो हे बघायचं तर कोपनहेगनच्या प्रसिद्ध जलपरीच्या पुतळ्यासमोरच्या गर्दीत जाऊन काही कळत नाही. त्यासाठी बेकरीत, कचेरीच्या जेवणघरात, भाड्याच्या बागेत आणि सीमेजवळच्या सभागृहात जावं लागतं. पुढचा मार्ग तसाच आखला आहे.

वेळ ३० मे ते ५ जून अशी धरावी. ५ जून हा संविधान दिन आणि सहलीचा शेवट तिथेच व्हायला हवा. सूर्य रात्री पावणेदहाच्या सुमारास मावळतो, हवा दहा ते वीस अंशांत, वारा मात्र सतत. छत्री उलटी होते, म्हणून टोपी असलेलं पावसाळी जॅकेट घ्यावं. शेंगेन व्हिसासाठी प्रवासाच्या सहा महिने आधीपासून अर्ज करता येतो आणि किमान १५ दिवस आधी तो पोचलाच पाहिजे. जूनची गर्दी पाहता दोन-अडीच महिने हाताशी ठेवलेले बरे. पैसे म्हणजे कार्ड. स्थानिक लोक फोनवरून मोबाइलपेने देतात, पण त्याला डॅनिश बँकेचं खातं लागतं, पाहुण्याला ते वापरता येत नाही. ५, १० आणि २० क्रोनरची थोडी नाणी मात्र जवळ हवीतच. पाचव्या दिवशी ती लागतील.

पहिला दिवस: कोपनहेगन

कास्ट्रुप विमानतळावर सामान घेऊन बाहेर आलं की समोर लाल-पांढरे कागदी झेंडे दिसतात. दूरच्या प्रवासाहून परतणाऱ्या मुलीला, नातवाला घ्यायला आलेली घरची माणसं ते हलवत उभी असतात. डॅनेब्रॉ हा झेंडा १५ जून १२१९ रोजी एस्टोनियातल्या लढाईत आभाळातून पडला अशी दंतकथा आहे. रोजच्या वापरात मात्र तो सरकारपेक्षा घरचा जास्त. वाढदिवसाच्या केकवर तो टोचतात, ख्रिसमसच्या झाडाला त्याच्या माळा लावतात. कचेरीत कुणाच्या टेबलावर छोटा झेंडा उभा दिसला तर त्या दिवशी त्याचा वाढदिवस आहे असं समजावं, आणि केकही त्यानेच आणलेला असतो. सहकाऱ्यांनी आणायचा ही पद्धत तिथे नाही.

अंगणातल्या काठीचे नियम पक्के आहेत. झेंडा सकाळी आठच्या आधी चढवायचा नाही, सूर्यास्ताला उतरवायचा, उतरवताना जमिनीला टेकू द्यायचा नाही. रोज चढ-उतार करण्याचा कंटाळा असणारे लोक लांबट, टोकदार पताका लावतात. ती रात्रंदिवस राहिली तरी चालते. १ जानेवारी २०२५ पासून काही अपवाद वगळता इतर देशांचे झेंडे काठीवर फडकवायला कायद्याने बंदी आहे. तिथल्या भारतीय कुटुंबांनी १५ ऑगस्टला अंगणातल्या काठीचा विचार करताना हे ध्यानात ठेवावं. हातात धरायच्या छोट्या झेंड्यांना ही बंदी नाही.

विमानतळावरून मेट्रोच्या एम-२ मार्गाने नॉरपोर्टला पाव तासात पोचता येतं. गाडीला चालक नसतो, फाटक नसतं, फलाटावर तिकीट तपासणाराही नसतो. म्हणून तिकीट लागत नाही असं समजू नये. तपासनीस डब्यात येतात आणि गाडीत चढल्यावर काढलेलं तिकीट ग्राह्य धरत नाहीत. तिकिटाची वेळ गाडी सुटण्याच्या आधीची असली पाहिजे, भांडण नेमकं याच मुद्द्यावर होतं.

दुपारी बेकरीत जावं. दाराशी यंत्रातून नंबराची चिठ्ठी घ्यायची आणि आकडा लागेपर्यंत शांत उभं राहायचं. औषधाच्या दुकानातही हेच. चिठ्ठी न घेता काउंटरपाशी उभं राहिलं तर कुणी ओरडत नाही, कुणी बघतही नाही आणि आपला नंबर कधीच येत नाही. पाण्याची बाटली घेतली की किमतीवर अनामत लागते: ए, बी आणि सी या प्रकारांना अनुक्रमे १, १.५० आणि ३ क्रोनर. अक्षर लेबलावर असतं. रिकामी बाटली न चेपता सुपरमार्केटमधल्या यंत्रात तळाकडून घालायची, शेवटी बटण दाबायचं, निघालेली पावती गल्ल्यावर द्यायची. चेपलेल्या बाटलीचा बारकोड वाचता आला नाही की यंत्र ती परत करतं. शहरातल्या बऱ्याच कचरापेट्यांना बाहेरून एक फळी लावलेली असते. ज्याला यंत्रापर्यंत जायचं नाही त्याने बाटली तिथे उभी करायची, म्हणजे गोळा करणाऱ्याला कचऱ्यात हात घालावा लागत नाही. इतकी साधी, माणुसकीची सोय दुसऱ्या फार थोड्या शहरांत सापडेल.

संध्याकाळी व्हेस्टरब्रोमधल्या अब्सालोन इथे जेवायला जावं. हे पूर्वीचं चर्च. २०१५ पासून लोकांचं सामायिक दिवाणखाना झालं आहे. रोज सहाला सहभोजन असतं. आगाऊ नोंदणी करावी, सहाच्या आधी दहा मिनिटं पोचावं. आठ-आठ माणसांचे गट केले जातात, एकाने जाऊन सगळ्यांसाठी भांडी आणायची, वाढायचं, शेवटी ताटं उचलायची. डॅनिश माणूस बसमध्ये शेजाऱ्याशी बोलत नाही ही तक्रार खरी आहे. ओळख नसताना दुसऱ्याच्या शांततेत शिरणं त्याला उद्धटपणाचं वाटतं. पण सगळ्यांच्या वाट्याला काम आलं की तोच माणूस मोकळा होतो, आणि ते इथे पहिल्या दहा मिनिटांत दिसतं. संस्था-मंडळं दहांच्या यादीत का आली असावीत याचा अंदाज या टेबलावर येतो.

दुसरा दिवस: कामाचा दिवस, डबा आणि बाग

सकाळी साडेसात ते नऊ सायकल रस्ता बघावा, आणि नियम माहीत असतील तरच त्यात उतरावं. उजवीकडून चालवायचं, डावीकडून पुढे जायचं. थांबण्याआधी हात कोपरात वाकवून पंजा वर. डावीकडे वळताना चौकाच्या मध्यात जायचं नाही. आधी सरळ पलीकडच्या कोपऱ्यापर्यंत जायचं, तिथे थांबायचं, दिशा बदलून पुढचा हिरवा दिवा लागला की निघायचं. परदेशी माणसाची चूक बहुतेक वेळा इथेच होते: तो गाड्यांच्या मधोमध वळतो आणि मागून येणारे वीसजण त्याच्यावर आदळता-आदळता वाचतात. नॉरब्रोगेडवर सिग्नल असे जुळवले आहेत की गर्दीच्या वेळी ताशी २० किलोमीटरने चालवलं तर हिरवे दिवे सलग मिळतात. अंधारात पुढे-मागे दिवे सक्तीचे. उपनगरी एस-टोग गाडीत सायकल फुकट नेता येते. मेट्रोत तिचं वेगळं तिकीट लागतं आणि गर्दीच्या वेळी परवानगीच नसते.

पुढे मोठी पेटी असलेली तीनचाकी सायकल, आत दोन मुलं आणि भाजी, हे दृश्य आता शहराची ओळख झालं आहे. तिचा प्रसिद्ध नमुना कोपनहेगनमधल्या ख्रिस्तियानिया या मुक्त वस्तीत १९८४ मध्ये तयार झाला. कॅफेबाहेर बाबागाडीत तान्ही बाळं झोपलेली दिसतील, आई-बाप आत. थंड हवेत बाळ चांगलं झोपतं अशी समजूत आहे आणि कुणी उचलून नेईल ही भीती नाही. जवळ जाऊन फोटो काढू नये.

आता डबा, म्हणजे माडपाके. हा नीट पाहण्यासारखा आहे, कारण देशातला मंत्री आणि गवंडी दुपारी जवळपास तेच खातात. पाया म्हणजे रुगब्रॉ: राईचा (मोहरी नव्हे, गव्हासारखं ‘राय’ हे धान्य) काळसर, जड, आंबवलेला पाव, आत राईचे भरडलेले किंवा अख्खे दाणे. चकती सात-आठ मिलिमीटरची, मधोमध कापून दोन अर्ध्या. अर्धीवर लोण्याचा पातळ थर, कडेपर्यंत. हा थर नीट नसेल तर वरचं ओलं जिन्नस पावात मुरतं आणि दुपारपर्यंत लगदा होतो. त्यावर एकच मुख्य गोष्ट: डुकराच्या यकृताचा पाटे आणि बीटचं लोणचं, टोमॅटोतला डब्यातला मॅकरेल, उकडलेल्या अंड्याच्या चकत्या किंवा थंड उकडलेला बटाटा. चकत्यांच्या मध्ये मेणकागदाचे चौकोन. मोठ्या माणसाला तीन-चार अर्ध्या पुरतात. जेवणाची सुट्टी साडेअकरा ते बाराच्या आसपास सुरू होते आणि अर्ध्या तासात संपते. एकला जेवायचं ठरवलं तर सोबतीला कुणी उरत नाही.

हॉटेलात हेच सजून येतं, तेव्हा त्याला स्मॉरब्रॉ म्हणतात. बहुतेक जुन्या जागा फक्त दुपारी उघड्या असतात. दुपारी तीननंतर गेलात तर स्वयंपाकघर बंद. क्रम ठरलेला: आधी खारवलेला हेरिंग, मग इतर मासे, मग मांस, शेवटी चीज. हेरिंगनंतर ताटली बदलतात, नाहीतर त्याचा वास पुढच्या सगळ्याला लागतो. कोळंबी पांढऱ्या पावावर, बाकी बरंचसं राईवर. हाताने उचलायचं नाही, काटा-सुरीच. शाकाहारी माणसाने बटाट्याचं मागावं: पावावर नव्या बटाट्याच्या चकत्या, मेयोनेझ, कुरकुरीत कांदा, चिरलेली चाइव्हजची पात. अंडं चालत नसेल तर मेयोनेझ नको असं आधीच सांगावं, आणि वर बेकनचा चुरा येतो का तेही विचारावं. दोन तुकड्यांत पोट भरतं.

चारला रस्ते पुन्हा भरतात. कामाचा आठवडा ३७ तासांचा, तोही कायद्याने नाही, कामगार संघटना आणि मालक यांच्या करारांनी ठरलेला. किमान वेतनाचाही कायदा नाही, तेही करारांतच. त्यामुळे संघटनेचं सभासदत्व हे बंड मानलं जात नाही, ते रोजचं व्यवहारज्ञान आहे. पाळणाघरातून मूल आणायला आईबाप दोघं आळीपाळीने निघतात; साडेचारची बैठक ठेवणारा साहेब लोकांच्या मनातून उतरतो. साहेबालाही सगळे पहिल्या नावानेच हाक मारतात, शाळेत मुलं शिक्षकांनाही. १९६८ पासून प्रत्येकाला दहा अंकी सीपीआर क्रमांक मिळतो: सहा अंक जन्मतारखेचे, चार पुढचे, शेवटचा विषम असेल तर पुरुष आणि सम असेल तर स्त्री. डॉक्टर, बँक, कर, ग्रंथालय, सगळं या एका आकड्यावर चालतं. इतकी माहिती सरकारकडे असूनही लोक निर्धास्त असतात. यादीतला ‘विश्वास’ हा शब्द अशा ठिकाणी वापरात दिसतो.

तो विश्वास आपोआप टिकत नाही, हे २०२३ मध्ये दिसलं. १६८६ पासून चालत आलेली प्रार्थना दिनाची सुट्टी संरक्षणखर्चासाठी रद्द करायचं सरकारने ठरवलं. ५ फेब्रुवारीला संसदेसमोर हजारोंचा मोर्चा आला. त्यातले कितीतरी लोक कधी चर्चला न जाणारे होते. राग सुट्टीपेक्षा पद्धतीचा होता: कामाचा वेळ करारांनी ठरायचा, तो संसदेने कायदा करून कसा वाढवला? कायदा तरीही झाला आणि २०२४ पासून तो दिवस कामाचा आहे, मासिक पगारदारांना बदल्यात ०.४५ टक्के वाढ. आदल्या संध्याकाळी वेलची घातलेले गव्हाचे चौकोनी पाव भाजून लोण्याबरोबर खायची रीत मात्र लोकांनी सोडलेली नाही.

संध्याकाळी नेरुमला जावं. एस-टोगने येगर्सबोर्ग, तिथून स्थानिक गाडीने नेरुम. इथे सी. टी. सोरेन्सन या उद्यानरचनाकाराने १९४८ मध्ये आखलेल्या चाळीस लंबगोल भाड्याच्या बागा आहेत. शहरी कामगाराला भाजी पिकवायला, मोकळी हवा घ्यायला छोटा तुकडा, ही कल्पना डेन्मार्कमध्ये १८८४ साली आलबोर्गला रुजली. आता देशभर अशा वसाहती आहेत: छोटं लाकडी घर, बटाटे, गुलाब, झेंड्याची काठी. वर्षभर राहायला परवानगी नसते, कुंपणाची उंची मंडळ ठरवतं, सामायिक कामाचे दिवस असतात आणि न येणाऱ्याला दंड भरावा लागू शकतो. बागा खासगी आहेत, मधल्या गवतातूनच फिरावं. कुणी काम करत असेल तर ‘हाय’ म्हणावं आणि बटाट्याबद्दल विचारावं. जूनमध्ये नवा बटाटा निघतो आणि त्या विषयावर अबोल माणूसही वीस मिनिटं बोलतो.

तिसरा दिवस: नॉरब्रो, आणि डॅनिश कोण?

आसिस्टन्स दफनभूमीपासून सुरुवात. तत्त्वज्ञ कीर्केगार आणि परीकथाकार हान्स ख्रिश्चन अँडरसन इथेच पुरलेले आहेत, आणि ठरावीक भागांत लोक चादर पसरून ऊन खात बसतात. कबरींजवळ मात्र आवाज करू नये, अजून नव्या माणसांना इथे पुरतात.

पुढे सुपरकिलेन: २०१२ साली उघडलेली लांबट सार्वजनिक जागा, जिथले बाक, दिवे, झोपाळे, कारंजी परिसरातल्या रहिवाशांच्या मूळ देशांतून निवडून आणली आहेत. शेजारीच म्योल्नरपार्केन ही गृहवसाहत. २०१८ पासूनच्या कायद्यांनुसार उत्पन्न, शिक्षण, गुन्हे आणि ‘बिगर-पाश्चात्त्य’ वंशाच्या रहिवाशांचं प्रमाण यांवरून काही वसाहतींची सरकारी यादी होते. तिथे घरं विकणं, पाडणं, लोकांना हलवणं असे उपाय होतात. यादीतल्या काही वसाहतींतल्या मुलांना एक वर्षाचं झाल्यापासून आठवड्याला २५ तास पाळणाघर सक्तीचं आहे. यावर डॅनिश माणसांची मतं टोकाची आहेत. काहींना वाटतं, भाषा आणि समानता टिकवायची तर हे हवंच. काहींना वाटतं, कायद्यापुढची समानता इथेच मोडते. वंशावरून नियम बदलणं दहा मूल्यांच्या यादीतल्या चौथ्या मूल्याशी जुळत नाही, हे मात्र टाळता येण्यासारखं नाही.

अशा प्रश्नांवर सामान्य माणसांशी बोलायची सोय डेन्मार्कमध्येच जन्मली: मानवी ग्रंथालय. २००० साली रोस्किल्डच्या संगीत महोत्सवात ते सुरू झालं. पुस्तकाऐवजी माणूस उसना मिळतो: निर्वासित, बेरोजगार, मुस्लिम, मानसिक आजारातून गेलेला, साधारण अर्धा तास, आणि कोणताही प्रश्न विचारायची मुभा. कार्यक्रमांच्या तारखा आधी पाहून ठेवाव्यात, रोज ते नसतं. ‘तुम्ही मूळचे कुठले’ यापेक्षा ‘शाळेत डबा काय न्यायचात’ हा प्रश्न जास्त आत नेतो.

नागरिकत्वाच्या परीक्षेचा जुना पेपर फोनवर उतरवून घ्यावा. ते सगळ्यांना खुले असतात. ४५ प्रश्न, ४५ मिनिटं, किमान ३६ बरोबर, आणि डॅनिश मूल्यांवरच्या पाच प्रश्नांपैकी चार बरोबर हवेतच. याखेरीज साधारण नऊ वर्षांचं वास्तव्य, भाषेची परीक्षा, आणि २०१९ पासून समारंभात अधिकाऱ्याशी हस्तांदोलन. डेन्मार्क २०१५ पासून दुहेरी नागरिकत्व मान्य करतो, पण भारत करत नाही. म्हणून तिथे स्थिरावलेल्या मराठी माणसाला भारतीय पासपोर्ट सोडावा लागतो, त्यानंतर ओसीआय हे परदेशस्थ भारतीयांसाठीचं कार्ड घेता येतं. हा पेपर एखाद्या जन्माने डॅनिश ओळखीच्या माणसाला सोडवायला द्यावा. जुन्या राजांच्या सनावळीत तो अडखळतो आणि मग परीक्षेबद्दल स्वतःहून बोलायला लागतो.

संध्याकाळी ख्रिस्टियान्सहाउनला आसियाटिस्क प्लाद्स. आशिया कंपनीची जहाजं इथून तामिळनाडूच्या किनाऱ्यावरच्या तरंगमबाडीला निघत. ते ठाणं डॅनिश लोकांकडे १६२० ते १८४५ होतं. १६७० च्या दशकात तंजावर भोसल्यांकडे गेल्यावर या ठाण्याचा खंड मराठा दरबाराकडे जाऊ लागला. याच डॅनिश ठाण्यातल्या मिशनकडे आलेले जर्मन पाद्री श्वार्ट्झ पुढे सरफोजीराजांचे गुरू झाले. डेन्मार्कमधल्या रोजच्या बोलण्यात हे जवळजवळ नसतंच.

चौथा दिवस: ऑर्‍हुस

रेल्वेने साधारण तीन तास. स्वस्त ‘ऑरेंज’ तिकीट त्याच गाडीला लागू असतं, गाडी चुकली तर तिकीट गेलं. जागेचं आरक्षण वेगळं घ्यावं लागतं. शांतता-डब्यात फोन घेतला तर शेजारी बोट दाखवून पाटी दाखवतो. ग्रेट बेल्ट ही सामुद्रधुनी गाडी बोगद्यातून आणि पुलावरून ओलांडते. १९९७ पर्यंत गाडीचे डबे बोटीवर चढवून तासभर समुद्र ओलांडायचे. मधल्या वयाची माणसं त्या बोटीवरच्या कॉफीची आठवण अजून काढतात.

डॉक-वन हे ग्रंथालय २०१५ चं. आत तीन टनांची नळीसारखी घंटा टांगली आहे. शहरातल्या रुग्णालयात मूल जन्मलं की आईबाप तिथलं बटण दाबू शकतात आणि घंटा इथे वाजते. इथेच पासपोर्टचं, आरोग्य-कार्डाचं काउंटर, मुलांची खेळायची जागा आणि कुणीही फुकट बसायची टेबलं. दोन तास नुसतं बसून राहावं.

दुपारी डेन गाम्ले ब्यू, म्हणजे ‘जुनं शहर’ हे उघड्यावरचं संग्रहालय. देशभरातून घरं उचलून आणून उभी केलेली गावं आहेत, पण वेळ कमी असेल तर थेट १९७४ च्या भागात जावं. तिथल्या घरांत सामूहिक वस्तीतल्या तरुणांचं स्वयंपाकघर आहे, स्त्रीरोगतज्ज्ञाचा दवाखाना आहे, आणि तुर्कस्तानातून आलेल्या ‘पाहुण्या कामगारांचं’ बिऱ्हाडही आहे. राष्ट्रीय आठवणीत ते बिऱ्हाड समाविष्ट झालं, ही या संग्रहालयाची सगळ्यात चांगली गोष्ट.

पाचवा दिवस: येलिंग आणि येडिंग

ऑर्‍हुस ते वायले रेल्वे, तिथून पाव तासात येलिंग. राजा हाराल्डने इसवी सन ९६५ च्या सुमारास कोरवलेला मोठा दगड काचेच्या घरात आहे. शेजारच्या, त्याच्या वडिलांच्या छोट्या दगडावर डेन्मार्क हे नाव देशात पहिल्यांदा कोरलेलं सापडतं. मोठ्या दगडावरची ख्रिस्ताची आकृती डॅनिश पासपोर्टमध्ये छापलेली असते. संग्रहालयाला प्रवेश फुकट. एक तास पुरे.

वायलेहून भाड्याची गाडी घ्यावी, कारण पुढचं रेल्वेने जमत नाही. पश्चिमेला ओल्गोडजवळच्या येडिंग गावात १८८२ साली देशातली पहिली सहकारी डेअरी सुरू झाली. इमारत आता छोटं संग्रहालय आहे, उघडण्याच्या वेळा मोजक्या, आधी विचारून जावं. १८७० च्या दशकात अमेरिका आणि रशियातून स्वस्त धान्य येऊ लागलं, गव्हाचे भाव पडले आणि शेतकरी लोण्याकडे वळला. नुकतंच आलेलं अखंड चालणारं साय काढायचं यंत्र एकट्याला परवडणारं नव्हतं. म्हणून सगळ्यांनी मिळून, एकमेकांच्या कर्जाला जामीन राहून ते घेतलं. साय डेअरीत राहायची, साय काढलेलं दूध शेतकऱ्याकडे परत जायचं आणि डुकरांना घातलं जायचं. म्हणून लोण्यापाठोपाठ बेकनची निर्यात वाढली. या चळवळीत मत माणशी एक, गायी कितीही असोत. दहा वर्षांत अशा शेकडो डेऱ्या झाल्या. गावच्या दूध संस्थेत संध्याकाळी रांगेला उभ्या राहिलेल्या मराठी वाचकाला इथली मोजमापाची भांडी ओळखीची वाटतील. वेगळी गोष्ट ही, की तिथे ही चळवळ खालून, कोणत्याही सहकार कायद्याशिवाय उभी राहिली.

रस्त्याकडेला बटाटे, स्ट्रॉबेरी, अंडी, मध ठेवलेल्या टपऱ्या दिसतील. माणूस नसतो, भाव लिहिलेला, डबा ठेवलेला. डब्यात सुटे मिळत नाहीत, म्हणून ती नाणी. नेमके पैसे नसतील तर थोडे जास्त टाकावेत, ‘उद्या देऊ’ म्हणून माल उचलू नये.

सहावा दिवस: ड्युबॉल, सीमा आणि कॉफीचं टेबल

सोंडरबोर्गजवळ ड्युबॉलची टेकडी आणि पांढरी पवनचक्की. १८ एप्रिल १८६४ ला प्रशिया या जर्मन राज्याच्या सैन्याने इथल्या खंदकांवर हल्ला केला आणि डॅनिश फळी कोसळली. तहात श्लेस्विग, होल्स्टाइन, लाउएनबुर्ग हे प्रांत गेले. राज्याची सुमारे दोन पंचमांश लोकसंख्या गेली. उरला तो छोटा, जवळजवळ एकभाषिक देश. आजचा डॅनिश माणूस ‘आम्ही लहान’ हे ज्या सहजतेने म्हणतो त्याची मुळं या टेकडीत आहेत. सहकारी डेऱ्या, माळरानं लागवडीखाली आणणं, तरुणांसाठीच्या, परीक्षा नसलेल्या लोकशाळांचा विस्तार हे सगळं त्यानंतरच्या तीस-चाळीस वर्षांत जोमाने वाढलं. स्मरणदिनी विजयाची नव्हे तर या पराभवाची आठवण होते, आणि अलीकडे जर्मन सैनिकही त्या समारंभात उभे राहिले आहेत.

जर्मन अंमलाखाली राहिलेल्या डॅनिश मनाच्या लोकांनी ५६ वर्षं काढली. पहिल्या महायुद्धात त्यांतले सुमारे ३०,००० जर्मन सैन्यात लढले. १० फेब्रुवारी १९२० च्या सार्वमतात उत्तरेकडच्या पट्ट्यातल्या सुमारे ७५ टक्के लोकांनी डेन्मार्क निवडला, महिन्याभराने फ्लेन्सबुर्गसह दक्षिणेकडच्या पट्ट्याने जर्मनी.

या काळातून आलेलं कॉफीचं टेबल इथे खायलाच हवं. डॅनिश सभा भरवणाऱ्या खानावळींचे दारूचे परवाने जर्मन अधिकारी काढून घेत. मग लोकांनी स्वतःची सभागृहं बांधली. तिथे दारू नाही, म्हणून कॉफी, आणि बायका घरून केक आणत. चढाओढीतून परंपरा ठरली: सात मऊ, सात कडक. आधी लोणी लावलेला गोड बन, मग केक आणि मलईचे थर असलेले टॉर्ट, शेवटी बिस्किटांसारखे कोरडे प्रकार. मधला मानाचा पदार्थ ब्रॉटोर्ट: वाळवून किसलेला राईचा पाव, हेझलनट, अंडी, साखर यांचे भाजलेले थर, मध्ये काळ्या करंटचा जॅम आणि फेटलेली मलई. राईचा किस चांगला वाळला नसेल तर थर दमट होऊन बसतो, आणि मलई आधीच लावून ठेवली तरीही. बनवर पोट भरू नये. प्रत्येक प्रकाराची बोटभर चकती घ्यावी. अनेक ठिकाणी आगाऊ नोंदणी आणि किमान माणसांची अट असते.

जेवणानंतर अर्ध्या तासावर सीमा. पासपोर्ट जवळ हवा, डेन्मार्ककडे परतताना तपासणी होते. फ्लेन्सबुर्गमध्ये डॅनिश शाळा आहेत, १८६९ पासूनचं डॅनिश वृत्तपत्र आहे. उत्तरेला तशाच जर्मन शाळा. १९५५ च्या बॉन आणि कोपनहेगन जाहीरनाम्यांनी ठरलं की आपण कोणत्या राष्ट्रीयत्वाचे हे माणसाने स्वतः सांगायचं आणि अधिकाऱ्यांनी त्याची तपासणी करायची नाही. नॉरब्रोला पाहिलेला ४५ प्रश्नांचा पेपर इथे आठवतोच. नागरिकत्व आणि मनाचं राष्ट्रीयत्व या कायद्याने दोन गोष्टी आहेत, हे मान्य. पण स्वतः अल्पसंख्य होऊन राहिलेल्या लोकांनी शोधलेलं हे उत्तर जास्त उदार आहे, आणि डॅनिश चर्चेत त्याला अजून जागा मिळायला हवी.

सातवा दिवस: ५ जून, रॉडिंग

मोठी सुपरमार्केटं आज बंद, किरकोळ दुकानं उघडी. पाणी आणि पाव आदल्या दिवशी घ्यावा. १८४९ ला याच तारखेला पहिलं संविधान झालं. लष्करी संचलन नाही. देशभर बागांत, शेतांत, शाळांच्या अंगणांत सभा भरतात. यादी स्थानिक वृत्तपत्रात येते. सोंडरबोर्गहून उत्तरेला रॉडिंगपर्यंत तासाभराचा रस्ता आहे. पाद्री-कवी ग्रुंटविगच्या विचारांवर १८४४ साली पहिली लोकशाळा इथे निघाली: शेतकऱ्यांच्या तरुण मुलांसाठी, परीक्षा नाही, गुण नाहीत. १८६४ नंतर रॉडिंग सीमेपलीकडे गेलं, तेव्हा शिक्षकांनी नव्या हद्दीच्या अलीकडे आस्कोवला शाळा काढली. आजही अशा शाळांत महिनोन् महिने राहून शिकतात, आणि सकाळची सुरुवात एकत्र गाण्याने होते.

परिसरातली सभा निवडावी, व्यवस्था सगळीकडे सारखी असते: गाणं, भाषण, गाणं, कॉफी. खुर्ची नसेल तर चादर न्यावी. भाषण समजलं नाही तरी गाण्याला उभं राहावं, पुस्तक शेजारच्याकडे मागावं. लोकशाळांचं हे गाण्यांचं पुस्तक १८९४ पासून चालत आलं आहे. २०२० ची एकोणिसावी आवृत्ती, ६०१ गाणी. चाली सगळ्यांच्या ओळखीच्या, सूर मध्यम पट्टीत, म्हणून गळा नसलेलाही गातो. करोनाच्या टाळेबंदीत लोक दूरचित्रवाणीसमोर बसून हीच गाणी गात होते. त्या नव्या आवृत्तीत रमझानमधल्या कोपनहेगनवरचं एक गाणं घ्यावं की नाही यावर देशभर वाद झाला, शेवटी ते घेतलं गेलं. भाषणांत हल्ली ग्रीनलंड हमखास येतं: १९७९ पासून गृहराज्य, २००९ पासून स्वशासन, संसदेच्या १७९ पैकी दोन जागा, आणि राज्य ‘आपलं’ म्हणताना तिथल्या लोकांना नक्की काय वाटतं हा प्रश्न.

कॉफीच्या रांगेत बोलणं काढायचं तर पुढच्या आवृत्तीत कोणतं गाणं हवं आणि कोणतं काढावं, हे विचारावं. राजकारण विचारलं तर लोक तोलून बोलतात. गाण्यावर आजी, शेतकरी, शाळकरी पोरगी, सीरियाहून आलेला शिंपी सगळेच हिरिरीने भांडतात. चारपर्यंत सभा उरकते. गाडी वायलेला परत करून कोपनहेगनची गाडी पकडायची तर रॉडिंगहून साडेचारला निघावं. संध्याकाळच्या गाडीचं जागेचं आरक्षण दोन दिवस आधी करून ठेवलेलं असावं, कारण त्या दिवशी सगळा देश आपापल्या सभेहून घरी जात असतो.